घडवणाऱ्यांची साक्ष : उर्मिला पवार यांच्या लेखनाची प्रस्तावना

20 जुलै 1942 रोजी नागपुरात अखिल भारतीय दलित वर्ग महिला परिषद भरली. आदल्या दोन दिवसांत मुख्य परिषद पार पडली होती आणि तिसरा दिवस बायकांचा होता. अध्यक्षस्थानी अमरावतीच्या सुलोचनाबाई डोंगरे होत्या. वीस-पंचवीस हजार स्त्रिया जमल्या होत्या, असे त्या काळचे वृत्तांत सांगतात. त्या दिवशीचे ठराव आज वाचले तरी माणूस थबकतो. बायकोला घटस्फोटाचा कायदेशीर हक्क हवा. एका पुरुषाने अनेक बायका करण्याची चाल कायद्याने बंद व्हावी. गिरण्या आणि विड्यांच्या कारखान्यांतल्या कामकरी स्त्रियांना हक्काची रजा आणि दुखापतीची भरपाई मिळावी. गिरणीत बायकांवर देखरेख करायला बाईच असावी. मुलींसाठी वसतिगृहे काढावीत, कायदेमंडळात स्त्रियांना राखीव जागा असाव्यात.

या मागण्यांचे वजन कळायला पुढचे कायदे आठवावे लागतात. मुंबई प्रांतात हिंदू पुरुषाच्या दुसऱ्या लग्नाला बंदी घालणारा कायदा 1946 मध्ये आला आणि घटस्फोटाची मुभा देणारा 1947 मध्ये. देशभरासाठी हिंदू विवाह कायदा व्हायला 1955 उजाडले. त्याआधी 1951 मध्ये हिंदू कोड बिल रखडले आणि प्रामुख्याने त्या कारणावरून डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी केंद्रीय मंत्रिमंडळ सोडले. म्हणजे दिल्लीतल्या कायदेपंडितांना पचायला जड गेलेली गोष्ट नागपूरच्या मांडवात बसलेल्या बायकांनी तेरा वर्षे आधी ठरावात घातली होती. त्यांच्यातल्या कित्येकींनी शाळेचे तोंडही पाहिले नव्हते.

एवढी मोठी घटना इतिहासातून निसटली कशी? 1975 नंतर महाराष्ट्रात स्त्रीमुक्ती चळवळीने जोर धरला. आपल्या पूर्वसुरींचा शोध घेताना ती सावित्रीबाई फुले, ताराबाई शिंदे, पंडिता रमाबाई यांच्यापर्यंत पोचली, पण 1942 चा हा मांडव तिच्या वाटेत आला नाही. दुसरीकडे आंबेडकरी चळवळीची चरित्रे, स्मरणिका, गौरवग्रंथ यांची संख्या वाढत होती. त्यांत परिषदांचे तपशील होते, पुढाऱ्यांची नावे होती, भाषणे होती. बायकांच्या वाट्याला बहुधा एकच वाक्य येई, महिलाही मोठ्या संख्येने उपस्थित होत्या. सभेचा वृत्तांत लिहिणाऱ्याने ते सवयीने लिहिले, पुढच्यांनी सवयीने उतरवून घेतले. त्या उपस्थित महिला कोण होत्या, कुठून आल्या, गाडीभाड्याचे पैसे कोणी जमवले, तान्ही मुले कोणापाशी ठेवली, घरी परतल्यावर काय ऐकून घ्यावे लागले, हे कोणी विचारले नाही.

उर्मिला पवार यांनी मीनाक्षी मून यांच्यासह हे प्रश्न विचारले आणि त्यांतून 'आम्हीही इतिहास घडवला' हे पुस्तक उभे राहिले. 1989 मध्ये स्त्री उवाच प्रकाशनाने ते काढले. पुढे 2003 मध्ये ग्रंथालीने पवार यांचे 'आयदान' हे आत्मकथन प्रसिद्ध केले. त्यांच्या कथांचे संग्रह आहेत, आणि 'सहावं बोट' व 'चौथी भिंत' यांतल्या काही कथा मराठी कथेच्या कोणत्याही चांगल्या निवडीत शोभतील. तरी खऱ्या माणसांची आयुष्ये आणि समाजाचा इतिहास लिहिणाऱ्या लेखिका म्हणून त्यांची ओळख करून घ्यायची, तर ही दोन पुस्तके शेजारी ठेवून वाचावीत. पहिल्या पुस्तकात त्या इतर बायकांना प्रश्न विचारतात. दुसऱ्यात तेच प्रश्न स्वतःच्या घराला आणि स्वतःच्या आयुष्याला विचारतात.

उर्मिला पवार यांचा जन्म 1945 चा, रत्नागिरीजवळच्या फणसवळे गावचा. वडील शिक्षक. मुलांना शिकवायचेच, हा त्यांचा हट्ट होता. उर्मिला लहान असतानाच ते गेले आणि घर आईच्या हातांवर आले. आई बांबूच्या टोपल्या, सुपे, रोवळ्या विणून विकायची. कोकणात या विणलेल्या वस्तूंना आयदान म्हणतात. विणलेला माल गिऱ्हाइकांच्या घरी पोचवायचे काम मुलांचे. सवर्णांच्या दारात लांब उभे राहायचे, टोपलीवर पाणी शिंपडून मग ती आत घेतली जायची आणि पैसे वरून हातावर टाकले जायचे. पुढे लग्न, मुंबई, राज्य शासनाच्या सार्वजनिक बांधकाम विभागातली नोकरी, नोकरी आणि संसार सांभाळत मराठी घेऊन एम. ए., कथालेखन, स्त्रीमुक्ती चळवळीतल्या मैत्रिणी आणि दलित साहित्याची व्यासपीठे असा त्यांचा प्रवास झाला.

या प्रवासात त्यांना दोन्हीकडे अवघडल्यासारखे झाले. स्त्रियांच्या गटात जात हा विषय निघाला की बोलणे आखडते होई. दलित साहित्याच्या मंचावर घरातल्या पुरुषी वागणुकीचा विषय काढला की चळवळीत फूट पाडू नका, असा सूर लागे. दोन्ही ठिकाणी गृहीत एकच होते. दलित बाई म्हणजे सोसणारी. एका बाजूला ती सवर्ण पुरुषांच्या अत्याचाराची बळी म्हणून हवी होती, तर दुसऱ्या बाजूला समाजासाठी खपणारी मूक माउली म्हणून. ती सभा बोलावते, वर्गणी गोळा करते, ठराव मांडते, तुरुंगात जाते, शाळा काढते हे कोणाच्याच चित्रात नव्हते. त्यासाठी पुरावा हवा होता, आणि पुरावा गोळा करायचा तर वेळ थोडा होता. 1930 च्या आसपास विशीत असलेल्या कार्यकर्त्या 1980 च्या दशकात सत्तरी ओलांडत होत्या.

मीनाक्षी मून यांची साथ इथे मोलाची ठरली. त्यांचे पती वसंत मून हे महाराष्ट्र शासनाने काढलेल्या आंबेडकरांच्या समग्र लेखन-भाषणांचे संपादक होते आणि त्या मालेचा पहिला खंड 1979 मध्ये आला. जुनी नियतकालिके, पत्रके, परिषदांचे अहवाल कुठे सापडतील, कोणत्या गावात कोण कार्यकर्ती अजून हयात आहे, याची माहिती मून यांच्या घरात वावरत होती. विदर्भाशी त्यांचे जुने नाते होते, तर पवार यांना कोकण आणि मुंबई जवळची. एका कथाकार बाईने आणि चळवळीच्या घरातल्या अभ्यासू बाईने मिळून केलेले हे काम विद्यापीठाच्या आखणीतून आलेले नव्हते. मराठीत मौखिक इतिहास या प्रकाराचा फारसा बोलबाला नसतानाचा हा काळ आहे.

पुस्तकाचे दोन भाग आहेत. पहिल्यात दलित स्त्रियांच्या सहभागाचा कालक्रमाने मांडलेला इतिहास येतो. 'बहिष्कृत भारत' हे पाक्षिक एप्रिल 1927 मध्ये सुरू झाले, 'जनता' 1930 मध्ये. त्यांतल्या बातम्या, सभांचे वृत्तांत, ठराव हा या भागाचा कणा. दुसऱ्या भागात प्रत्यक्ष कार्यकर्त्यांच्या मुलाखतींतून उभी राहिलेली चरित्रे आहेत. ही रचना वाटते तितकी साधी नाही. कागद तारीख सांगतो, ठिकाण सांगतो, वक्त्यांची नावे सांगतो, पण बाईच्या घराचा उंबरठा तो ओलांडत नाही. बाईची आठवण उंबरठ्याच्या आतले सगळे सांगते, पण तारखेत घोटाळा करते. थोरला पोटात होता तेव्हा, दुष्काळ पडला त्या साली, नवऱ्याची बदली झाली त्या उन्हाळ्यात, असा तिचा कालक्रम. कागद आणि आठवण समोरासमोर ठेवले की दोघांतली भोके दिसतात आणि काही भरताही येतात. या दोन लेखिकांनी ते पद्धतशास्त्राच्या गप्पा न मारता केले.

मुलाखत घेणाऱ्याला आणखी एक अडचण येते, आणि घरोघर जाऊन इतिहास गोळा करणाऱ्या कोणालाही ती चुकत नाही. बाईला प्रश्न विचारला की उत्तर नवरा देतो किंवा मुलगा देतो. हिला काय आठवणार, मी सांगतो, असे म्हणत तो चळवळीचा सगळा पट उलगडतो आणि बाई चहा ठेवायला उठते. कधी बाईच म्हणते, मी काय केलं, मी आपली सगळ्यांबरोबर गेले होते. हे नुसते नम्रपणाचे बोलणे नसते. आयुष्यभर कोणी विचारलेच नसेल, तर माणूस आपल्या कामाला काम म्हणायलाही विसरतो. अशा वेळी समोर बसलेली बाई आपल्यातली आहे की नाही, तिला आपली बोली कळते की नाही, यावर साक्ष मोकळी होणार की आखडणार हे ठरते. पवार आणि मून त्याच समाजातल्या होत्या. वस्ती, विहार, वर्गणी, भाकरतुकडा हे शब्द त्यांना समजावून सांगावे लागत नव्हते.

या शोधातून हाती काय लागले? आरंभी महाड येते. मार्च 1927 मध्ये चवदार तळ्याचे पाणी घेतले गेले. त्याच वर्षीच्या डिसेंबरात तिथेच भरलेल्या परिषदेत मनुस्मृतीचे दहन झाले आणि त्याच परिषदेत बाबासाहेबांनी स्त्रियांसमोर स्वतंत्र भाषण केले. लुगडे आखूड नेसू नका, जातीची खूण सांगणारे जड दागिने टाका, मुलींनाही शाळेत घाला, असा त्याचा आशय. अनेक चरित्रांत हा प्रसंग येतो आणि भाषणापाशी थांबतो. भाषण ऐकून उठलेल्या बायकांनी पुढे काय केले, तिथून या पुस्तकाला रस वाटू लागतो. लुगडे घोट्यापर्यंत नेसून गावात परत जाणे म्हणजे गावाशी उघड वैर पत्करणे होते. ते वैर बाबासाहेब महाडहून निघून गेल्यावर, पाण्यावर आणि बाजारात, बायकांनीच रोज निस्तरले.

त्यानंतर 1929 चा पुण्याचा पर्वती सत्याग्रह येतो. 2 मार्च 1930 ला सुरू होऊन 1935 पर्यंत चाललेला नाशिकचा काळाराम मंदिर सत्याग्रह येतो. नाशिकच्या मोर्चात शेकडो स्त्रिया होत्या, त्यांनी मार खाल्ला, अटका सोसल्या. पाच वर्षे चालणारा सत्याग्रह म्हणजे पाच वर्षे माणसांची ये-जा, त्यांची जेवणे, त्यांची राहण्याची सोय. त्या व्यवस्थेतला बायकांचा वाटा मोजला, तर लढ्याचा नकाशाच बदलतो. 1936 च्या जूनमध्ये मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये देवदासी, मुरळ्या, जोगतिणी यांच्यासमोर बाबासाहेब बोलले. त्या सभेकडे ही मांडणी नीतीच्या उपदेशापलीकडे जाऊन पाहते. ज्या बायकांना त्यांच्याच समाजातले लोक बाजूला बसवत, त्या स्वतः सभेला आल्या, ही तिला महत्त्वाची गोष्ट वाटते.

विदर्भातली माणसे तर विसरू म्हटले तरी विसरता येत नाहीत. जाईबाई चौधरी नागपूर-कामठी मार्गावर हमाली करत असत. एका मिशनरी बाईने त्यांना लिहायला-वाचायला शिकवले आणि शाळेत शिक्षिकेची नोकरी दिली. बाई महार आहेत हे कळल्यावर सवर्ण पालकांनी ओरड केली आणि ती नोकरी गेली. जाईबाईंनी 1922 मध्ये नागपुरात मुलींसाठी संत चोखामेळ्याच्या नावाने स्वतःच शाळा काढली. 1937 च्या डिसेंबरात नागपुरात अखिल भारतीय महिला परिषदेचे अधिवेशन भरले. पंगतीत जाईबाईंना वेगळे बसवण्यात आले आणि पुढच्याच महिन्यात दलित स्त्रियांनी त्याविरुद्ध निषेधसभा घेतली. स्त्रियांच्या समान हक्कांचे अधिवेशन आणि त्याच अधिवेशनातली वेगळी पंगत, असा हा प्रकार. पन्नास वर्षांनंतर उर्मिला पवार यांना मुंबईत जे अवघडलेपण वाटले, त्याची वंशावळ इथे सापडते.

राधाबाई कांबळे या नागपूरच्या गिरणी कामगार. कामगारांच्या स्थितीची चौकशी करण्यासाठी 1929 मध्ये नेमलेल्या रॉयल कमिशनसमोर त्यांनी साक्ष दिली. साहेबांच्या आयोगापुढे गिरणीतली दलित बाई उभी राहून कामाचे तास, पगार, बाळंतपण यांबद्दल बोलते, हे चित्र आपल्या कामगार इतिहासात ठळकपणे यायला हवे होते. त्याच सुमारास मुंबई कायदे कौन्सिलमध्ये बाबासाहेब गिरणी कामगार स्त्रियांच्या प्रसूती रजेच्या विधेयकाच्या बाजूने बोलले आणि 1929 मध्ये तो कायदा झाला. 1938 मध्ये त्यांच्या पक्षाचे पी. जे. रोहम यांनी कायदेमंडळात संततिनियमनाचा ठराव आणला. हे दोन प्रसंग आंबेडकरांच्या चरित्रांत येतात. 1942 च्या अध्यक्षीय भाषणात सुलोचनाबाई डोंगरे यांनी संततिनियमनाचा विषय काढला, हे क्वचितच येते. तिन्ही गोष्टी एका ओळीत मांडल्या की पुढाऱ्याने सांगितले आणि बायकांनी ऐकले, ही सरधोपट समजूत ढासळते. बाळंतपणाची रजा कशासाठी हवी, हे गिरणीतल्या बाईला कोणी शिकवावे लागत नव्हते. ते सभागृहापर्यंत पोचवणारा माणूस तिला हवा होता, आणि तो मिळाल्यावर तिने आपले ठराव स्वतः लिहायला घेतले.

नाशिकच्या शांताबाई दाणी यांचे चरित्र या ग्रंथातल्या सर्वांत परिपूर्ण चरित्रांपैकी एक. दादासाहेब गायकवाडांबरोबर काम, शेड्युल्ड कास्ट्स फेडरेशनची संघटना, 1946 च्या सत्याग्रहातला तुरुंगवास, पुढे विधान परिषदेचे सदस्यत्व, वसतिगृहे आणि शाळा. त्यांनी 'रात्रंदिन आम्हां' हे आत्मकथनही लिहिले आहे. पण या ग्रंथात त्या एकट्या शिखरासारख्या उभ्या नाहीत. आसपास वस्तीत महिला मंडळ चालवणाऱ्या, सभेत गाणी म्हणणाऱ्या, मुलींना शाळेत नेऊन बसवणाऱ्या, 1956 च्या धर्मांतरानंतर घरातले देव बाहेर काढणाऱ्या बायका आहेत. शांताबाईंना व्यासपीठ मिळाले ते या बायकांनी बांधलेल्या जमिनीवर, असे न सांगता दाखवून देण्याची या पुस्तकाची हातोटी आहे.

इथेच उर्मिला पवार यांचे वेगळेपण लक्षात येते. 1980 च्या दशकात दलित स्त्रियांची आत्मकथने एकामागोमाग येत होती. कुमुद पावडे यांचे 'अंतःस्फोट' 1981 चे, मुक्ता सर्वगोड यांचे 'मिटलेली कवाडे' 1983 चे. बेबी कांबळे यांचे 'जिणं आमुचं' आणि शांताबाई कांबळे यांचे 'माज्या जल्माची चित्तरकथा' ही दोन्ही 1986 मध्ये पुस्तकरूपाने आली. या पुस्तकांनी मराठी वाचकाला हलवले, पण वाचकाने त्यांतून बहुतेक वेळा वेदनाच उचलली. भूक, विटाळ, मार, अपमान वाचून तो हळहळला आणि हळहळून मोकळा झाला. लेखिकांनी लिहिलेले बाकीचे, म्हणजे संघटना, वाद, निर्णय, चेष्टा, हट्ट, त्याच्या हातून निसटले. 'आम्हीही इतिहास घडवला' या पुस्तकात अशा वाचकाला सोय उरत नाही. तिथे दुःख आहेच, पण ते कामाच्या वाटेत येणारी अडचण म्हणून येते, कामाच्या जागी नाही. मुलाखती वाचताना बाईने काय भोगले याहून तिने मग काय केले, हेच आपण शोधू लागतो. वाचकाला ही सवय लावणे हे या लेखिकेचे मला सर्वांत मोठे काम वाटते.

'आयदान' वाचताना ही सवय उपयोगी पडते. पुस्तक सुरू होते ते एकट्या मुलीच्या आठवणीने नाही. डोंगर चढून-उतरून रत्नागिरीच्या बाजाराला लाकूडफाटा, गवत, आंबे विकायला जाणाऱ्या बायकांच्या तांड्याने ते सुरू होते. त्यांच्या डोक्यावरचे ओझे, घाटीतली दमछाक, एकमेकींची टिंगल, शिव्या, नवऱ्यांच्या मारहाणीची उघड चर्चा आणि बाजारात चार पैशांसाठी घातलेली हुज्जत या साऱ्यांतून एका प्रदेशाचा आर्थिक इतिहास उलगडतो. कोकणातल्या महार कुटुंबांतले अनेक पुरुष मुंबईत गोदीत, गिरण्यांत, सरकारी खात्यांत राबत आणि गावाकडचे घर बायका चालवत. मनीऑर्डर येईल तेव्हा येई, चूल मात्र रोज पेटवावी लागे. ती या बाजाराच्या वाटेवर पेटत होती. आत्मकथनाचा पहिला पुरुष इथे मीऐवजी आम्ही आहे, आणि पुढे मी आला तरी तो या आम्हीतूनच बोलतो.

शाळेतला एक प्रसंग या पुस्तकाच्या स्वभावाची ओळख करून देतो. वर्गाच्या परिसरात पडलेले शेण काढायला मास्तर या मुलीला सांगतात, ती नकार देते आणि मार खाते. आई शाळेच्या वाटेवर मास्तरांना गाठून जाब विचारते, आणि पुढे मुलीच्या वाटेला कोणी जात नाही. हा प्रसंग अपमानाची गोष्ट म्हणून सांगता आला असता. पवार यांच्या कथनात तो आईच्या गोष्टीचा भाग होतो. टोपल्या विणणारी, सहसा गप्प असणारी विधवा बाई भर रस्त्यात मास्तरांशी भांडते, याला इतिहासात काय नाव द्यायचे? सत्याग्रहाच्या यादीत तिचे नाव कधी येणार नाही. पण काळारामाच्या दारात बसलेल्या बायकांनी जे केले त्याच जातीचे हे काम आहे, हे 'आम्हीही इतिहास घडवला' वाचलेल्या माणसाला लगेच उमगते.

नंतरच्या भागात पवार स्वतःच्या संसाराकडे वळतात आणि तिथेही मुलाखतकाराची नजर ढळू देत नाहीत. बायकोने नोकरी करून पगार आणावा, पण तिने शिकू नये, लिहू नये, सभांना जाऊ नये, ही नवऱ्याची अपेक्षा त्या लपवत नाहीत. त्याचबरोबर त्याचे प्रेम, त्याचा आधार, त्याचे आजारपणही त्या तितक्याच नीट नोंदवतात. तरुण मुलाच्या मृत्यूबद्दल लिहितानाही त्या आईच्या विणण्याकडे परत जातात. मुलगा गेल्यावर टोपल्या विणत रडणारी आई त्यांना तेव्हा नव्याने कळते. आईचे विणणे आणि आपले लिहिणे यांचे नाते त्यांनी स्वतःच सांगितले आहे, आणि पुस्तकाचे नाव तिथून आले. घडण खरोखर तशी आहे. एक धागा घराचा, एक जातीचा, एक बाईपणाचा, आणि कोणताही एक ओढून काढला तर बाकीचे उसवतात. 2008 मध्ये माया पंडित यांनी केलेला या पुस्तकाचा इंग्रजी अनुवाद आला. त्याच वर्षी वंदना सोनाळकर यांनी केलेला 'आम्हीही इतिहास घडवला'चा अनुवादही आला. सुषमा देशपांडे यांनी 'आयदान' रंगमंचावर आणले.

या लेखनाच्या मर्यादा सांगायला हव्यात, कारण अभ्यासाच्या पुस्तकाला नुसत्या कौतुकाने फार दिवस जगता येत नाही. 'आम्हीही इतिहास घडवला' मध्ये भेटणाऱ्या बहुसंख्य स्त्रिया महार, म्हणजे पुढे बौद्ध झालेल्या समाजातल्या आहेत. मातंग, चर्मकार, मेहतर समाजांतल्या स्त्रियांचा आवाज क्षीण आहे. भूगोलही असमतोल आहे. नागपूर, मुंबई, नाशिक भरभरून आणि मराठवाडा त्या मानाने थोडा. तो निजामाच्या राज्यात होता, तिथले राजकारण वेगळे होते, हे कारण काही अंशी खरे असले तरी पोकळी राहतेच. आणखी एक गोष्ट जपून वाचावी लागते. अनेक साक्षी बाबासाहेबांच्या दर्शनाभोवती फिरतात. त्यांना कधी पाहिले, ते काय बोलले, आपल्याला काय म्हणाले, याचे तपशील बायका भक्तीने सांगतात आणि स्वतःच्या कामावरून घाईने पुढे जातात. हा त्यांच्या प्रेमाचा पुरावा आहे आणि कथनाला पडलेले वळणही. लेखिका त्यांना परत कामाकडे आणतात, पण प्रत्येक वेळी ते साधलेले नाही.

मौखिक साक्षीवर नेहमीचा आक्षेपही येतोच, की म्हातारपणी सांगितलेल्या आठवणींवर इतिहास कसा रचायचा. त्याला या पुस्तकाच्या रचनेतच उत्तर आहे. जिथे कागद आहे तिथे तो वापरला आहे. जिथे कागद नाही, तिथे तो का नाही हा प्रश्नच इतिहासाचा झाला आहे. ज्यांना शाळेबाहेर ठेवले, ज्यांची घरे आठ बाय दहाची, ज्यांच्याकडे कागद जपायला कपाट नव्हते, त्यांच्याकडे दस्तऐवज मागणे आणि ते नाहीत म्हणून त्यांना इतिहासातून वगळणे, हा दुहेरी अन्याय होतो. कागदपत्रांच्या इतिहासालाही सांगणाऱ्याचा स्वार्थ असतो, विस्मरण असते. दरबारी बखरी वाचताना आपण जी सावधगिरी बाळगतो तीच इथेही पुरेल, जास्तीची नको.

विद्यापीठांत या पुस्तकाची दखल उशिरा, पण नीट घेतली गेली. पुण्याच्या स्त्री-अभ्यास केंद्रात काम केलेल्या शर्मिला रेगे यांनी दलित स्त्रियांच्या आत्मकथनांना साक्ष म्हणून वाचायचा आग्रह धरला आणि 2006 मध्ये त्यावर मोठा ग्रंथ लिहिला. दलित स्त्रीवादाच्या आजच्या चर्चेत या दोन्ही पुस्तकांचे संदर्भ सतत येतात. असे असले तरी या लेखनाला अभ्यासक्रमात बंद करून चालणार नाही. ते मुळात कार्यकर्त्यांसाठी लिहिले आहे, आणि वस्तीतल्या वाचनालयात, महिला मंडळाच्या बैठकीत मोठ्याने वाचले तर त्याचा खरा कस लागतो. तिथे बसलेली एखादी बाई म्हणेल, आमच्या आजीनेही हे केलं होतं, आणि मग पुस्तकात नसलेले पान उघडेल.

उर्मिला पवार यांच्याकडून नव्या लेखकाने उचलावे ते हेच. घटना घडून गेल्यावर तिच्यातली नावे शोधायला पन्नास वर्षे थांबू नये. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव 27 जुलै 1978 रोजी विधिमंडळात झाला आणि नामविस्तार प्रत्यक्षात आला 14 जानेवारी 1994 रोजी. मधली सोळा वर्षे घरे जळाली, मोर्चे निघाले, लाँग मार्च झाला, माणसे तुरुंगात गेली. त्या लढ्यावर बरेच लिहिले गेले आहे, आणि त्यातल्या बऱ्याच पानांवर महिलाही मोठ्या संख्येने उपस्थित होत्या हे वाक्य पुन्हा भेटते. 1978 मध्ये विशीत असलेल्या त्या महिला आज पासष्टी ओलांडून गेल्या आहेत. 1942 च्या कार्यकर्त्या पवार आणि मून यांच्यासमोर बसल्या तेव्हा साधारण त्याच वयाच्या होत्या. गिरणी संपातल्या, भूमिहीनांच्या सत्याग्रहातल्या, गायरानाच्या लढ्यांतल्या बायकांचेही तेच. हे पुस्तक आवडले असे म्हणणाऱ्या प्रत्येकावर त्यातून एक काम येते. आपल्या ओळखीतल्या अशा एका बाईपाशी जाऊन बसावे, घरातल्या पुरुषाला थोडा वेळ बाहेर पाठवावे, आणि वर्गणी कोणी गोळा केली होती इथपासून विचारायला सुरुवात करावी.